भिंतीला कान असतात, पण जीभ?

"भिंतीला कान असतात" ही म्हण आमच्या घरात अम्मीच्या तोंडी कायम असते. आपा आणि भाभी स्वयंपाकघरात हळू आवाजात काही बोलू लागल्या, की अम्मी बाहेरूनच खाकरते, ही म्हण टाकते आणि पुढे जाते. या रमजान ईदला मात्र त्या म्हणीला एक पुढचा प्रश्न चिकटला. भिंतीला कान असतील, तर तिला जीभही असते का? ऐकलेले ती कधी परत बोलते का?

प्रश्न आणला आमच्या भाच्याने. आपाचा हा मुलगा पुण्यात इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे आणि आवाजाच्या यंत्रांचे त्याला वेड आहे. ईदची नमाज झाली, शीरखुर्मा झाला, दुपारची बिर्याणी झाली, आणि सगळे बाहेरच्या खोलीत चटईवर पसरले. आम्ही होतो, आपा होती, मुले होती. थोरले बंधूही होते. दोन वर्षांनी ते ईदला घरी आले होते, त्यामुळे सगळे जरा जपूनच बोलत होते. अशा वेळी घरात एखादा लहान मूल किंवा एखादा बडबड्या तरुण असला, की बरे पडते. भाच्याने एका जुन्या इंग्रजी नाटकाची गोष्ट सुरू केली.

नाटकाचे नाव 'द स्टोन टेप'. लेखक नायजेल नील. बीबीसीने ते २५ डिसेंबर १९७२ रोजी दूरदर्शनवर दाखवले. गोष्ट अशी. इलेक्ट्रॉनिक वस्तू बनवणारी एक कंपनी एक जुना वाडा विकत घेते आणि तिथे आपल्या संशोधकांना बसवते. त्यांना आवाज साठवण्याचे नवे साधन शोधायचे असते. चुंबकीय टेपपेक्षा चांगले काहीतरी हवे, नाहीतर जपानी कंपन्या बाजार खाऊन टाकतील, ही मालकांची चिंता. वाड्यातल्या एका खोलीत गवंडी-सुतार काम करायला तयार नसतात. भिंतीवरचे लाकूड काढल्यावर आत फार जुना दगड निघतो. आणि त्या खोलीत पावलांचे आवाज येतात, जिन्यावर कुणीतरी धावते, आणि एक किंकाळी. १८९० साली त्या घरातली एक मोलकरीण तिथे पडून मेलेली असते.

संशोधकांचा प्रमुख घाबरत नाही, उलट त्याला आनंद होतो. हे भूत नाही, तो म्हणतो, हे ध्वनिमुद्रण आहे. दगडाने त्या मुलीचा शेवटचा क्षण साठवला आणि माणूस आत आला की दगड तो परत वाजवतो. म्हणजे नवे साधन सापडले. मग यंत्रे येतात, आवाजाचे आणि उजेडाचे मारे होतात, दगडाने हुकुमावर बोलावे म्हणून सगळे प्रयत्न होतात. दगड गप्प. एवढ्या माऱ्यात मुद्रण पुसले गेले असे सगळ्यांना वाटते. त्या गटात संगणकाचे काम करणारी एक मुलगी असते. ती म्हणते, वरचा थर पुसला गेला, पण त्याच्या खाली आणखी जुना, आणखी भयंकर थर आहे. तिचे कुणी ऐकत नाही. ती एकटी त्या खोलीत जाते आणि तिथेच मरते. प्रमुख तिचे सगळे कागद नष्ट करतो, आपली कातडी वाचवतो. शेवटी तो खोलीत येतो तेव्हा दगड पुन्हा बोलू लागलेला असतो. या वेळी आवाज त्या मुलीचा असतो, आणि ती त्यालाच हाका मारत असते.

मुले डोळे मोठे करून ऐकत होती. आपा म्हणाली, ईदच्या दिवशी हे काय काढलेस. पण अम्मी, जी डोळे मिटून पडली होती, ती उठून बसली आणि तिने विचारले, "बेटा, त्या दगडाने बिचारीची किंकाळीच का ठेवली? त्या घरात ती राहत होती ना? कधी हसली नसेल? कामाच्या वेळी काही गुणगुणली नसेल?"

भाचा म्हणाला, "नानी, ते भुताचं नाटक आहे. हसण्याचं भूत कोण बघणार?"

यावर सगळे हसले. बडे भाई हसले नाहीत, आणि आम्हीही हसू शकलो नाही. त्याचे कारण सांगतो, पण आधी दगडाचा हिशोब पुरा करू.

वाचकहो, दगडात आवाज साठत नाही. हे स्पष्ट लिहिणे भाग आहे, कारण या नाटकानंतर 'स्टोन टेप' हे नाव भुताखेतांमागे फिरणाऱ्या लोकांनी उचलले आणि ते जणू विज्ञान असल्यासारखे आजही सांगितले जाते. आवाज म्हणजे हवेचा थरथराट. तो साठवायचा तर तीन गोष्टी लागतात. थरथरणारे काहीतरी, त्या थरथरीची खूण उमटेल असे मऊ काहीतरी, आणि तो मऊ पदार्थ एका ठरावीक वेगाने पुढे सरकत राहिला पाहिजे. नाहीतर पहिल्या शब्दावर दुसरा, दुसऱ्यावर तिसरा उमटून सगळा चिखल होईल. भिंतीतला दगड सरकत नाही. शिवाय आपल्या बोलण्यात शक्ती ती किती! दहा लाख माणसे एकाच वेळी साध्या सुरात बोलली, तरी त्या सगळ्या आवाजाच्या शक्तीवर फार तर एखादा लहानसा दिवा लागेल. ती एवढीशी शक्ती भिंतीवर आपटते, थोडी परत येते, उरलेली उष्णता होऊन विरून जाते.

परत देण्याचे काम मात्र दगड चांगले करतो. आमच्या मिरज भागातले लोक शाळेच्या सहलीला विजापूरला जातात, ते कशासाठी? गोलघुमटात ओरडण्यासाठी! मुहम्मद आदिलशाहच्या कबरीवरचा तो घुमट आतून १२० फुटांहून अधिक रुंद आहे. वरच्या सज्जात एका बाजूला भिंतीशी कुजबुजले, की समोरच्या बाजूला कान लावलेल्या माणसाला ते ऐकू येते. टाळी वाजवली तर ती अनेकदा परत येते. पण आदिलशाही कारागिरांच्या दगडाकडेही कालची टाळी शिल्लक नसते. तो लगेच परत देतो आणि विसरतो. काही माणसे अशी असती तर किती बरे झाले असते.

हरवलेला आवाज कुठेतरी राहत असेल, ही आशा मात्र जुनी आहे आणि शहाण्यासुरत्या लोकांनाही ती सुटलेली नाही. गणनयंत्राचा आराखडा करणारे चार्ल्स बॅबेज यांनी १८३७ सालच्या एका पुस्तकात लिहिले, की उच्चारलेल्या प्रत्येक शब्दाने हवेचे कण हलतात, आणि ती हालचाल कधीच पूर्ण नाहीशी होत नाही. पुरेशी बुद्धी असणारा कुणी असेल, तर तो आजच्या हवेवरून मागचे सगळे बोलणे वाचू शकेल. गुलामांना समुद्रात फेकणाऱ्या जहाजाच्या कप्तानाचा दाखला त्यांनी तिथे दिला आहे. त्याचा गुन्हा पाण्याने आणि हवेने नोंदवून ठेवला आहे, असा त्यांचा भाव. हिशोब म्हणून पाहिले तर बॅबेज चुकले होते, पण हे वाचताना मुसलमान माणसाला सूरह ज़िलज़ाल आठवल्याशिवाय राहत नाही. त्या दिवशी जमीन आपल्या बातम्या सांगेल, असे तिथे आले आहे. सूरह यासीनमध्ये तोंडावर मोहर लागून हात बोलतील आणि पाय साक्ष देतील असे आहे. आम्ही आलिम नाही, त्यामुळे याच्या अर्थात शिरत नाही. एवढेच, की जे पृथ्वी अल्लाहच्या हुकुमाने एक दिवस करणार आहे, ते कंपनीने यंत्र लावून आज करवून घ्यावे, असा त्या नाटकातल्या प्रमुखाचा हट्ट होता.

बुखारी शरीफमधली एक हदीस आम्हाला लहानपणापासून आवडते. हजरत अबू सईद खुदरी (रजि.) यांनी शेळ्या-मेंढ्यांत आणि रानात रमणाऱ्या एका माणसाला सांगितले, की तिथे असशील तेव्हा अज़ान मोठ्याने दे. कारण मुअज़्ज़िनचा आवाज जिथवर जातो, तिथवर जिन्न असो, माणूस असो की कुठलीही वस्तू असो, जे ऐकेल ते कयामतच्या दिवशी त्याच्या बाजूने साक्ष देईल. आमचे अब्बा ही हदीस सांगताना अंगणातल्या धोंड्याकडे बोट दाखवत. त्यांचा धोंडा चांगल्याची साक्ष देणारा होता. अम्मीने विचारलेला प्रश्न कुठून आला, हे आता वाचकांच्या लक्षात येईल.

आणि तरीही माणसाने शेवटी दगडाला बोलायला लावलेच, ही यातली गंमत आहे. एदुआर लेऑं स्कॉट नावाच्या फ्रेंच माणसाने १८५७ मध्ये एका यंत्राचे पेटंट घेतले. काजळी धरलेल्या कागदावर एक बारीक केसर आवाजाच्या थरथरीने नागमोडी रेघ काढी. ती रेघ फक्त पाहायची होती, ऐकण्याची सोयच नव्हती. ९ एप्रिल १८६० रोजी उमटवलेल्या अशा एका रेघेवरून २००८ साली अमेरिकेतल्या संशोधकांनी संगणकाने आवाज काढला. साधारण १० सेकंदांचे एक गाणे. आधी वाटले, मुलगी गाते आहे. मग कळले, की आपण ते दुप्पट वेगाने वाजवतो आहोत. वेग कमी केला, तेव्हा तो पुरुषाचा आवाज निघाला, बहुधा खुद्द स्कॉटचाच. १४८ वर्षे तो माणूस काजळीत गप्प बसून होता.

१८७७ मध्ये एडिसनने कथलाच्या वर्खावर आवाज उमटवला आणि तो परत वाजवून दाखवला. त्यानंतर मेणाची नळकांडी आली, मग तबकड्या. आपल्या आजोबांच्या काळातल्या त्या जड काळ्या तबकड्या, ज्या हातातून निसटल्या तर ताटासारख्या फुटत, त्या कशाच्या बनत माहीत आहे? लाखेच्या, असे आपण म्हणतो. खरे तर त्यात लाख साधारण एक तृतीयांश. बाकी बहुतेक सगळी दगडाची पूड. पाटीचा दगड, चुनखडी. थोडे सुताचे तंतू आणि काळ्या रंगासाठी काजळी. म्हणजे दोन तृतीयांश दगडच. आणि त्याला धरून ठेवणारी लाख झाडांवरच्या किड्यांची, फार मोठ्या प्रमाणात आपल्याच देशाच्या जंगलांतली. दुसऱ्या महायुद्धात लाखेची टंचाई झाली, तेव्हा अमेरिकेत लोकांकडून जुन्या तबकड्या गोळा करून त्या दळून नव्या केल्या जात. कुणाकुणाचे आवाज त्यात दळले गेले असतील!

नोव्हेंबर १९०२ मध्ये कलकत्त्यात गौहर जान यांनी त्या भोंग्यात तोंड घालून गायले, आणि तीन मिनिटे संपत आली की इंग्रजीत आपले नाव सांगितले. कारण तबकड्या छापल्या जात जर्मनीत, हॅनोव्हरला, आणि तिथल्या कामगारांना कोण गाते आहे हे कळायला हवे होते. आमच्या मिरजेचे उस्ताद अब्दुल करीम खाँसाहेब १९३७ मध्ये रेल्वेच्या प्रवासात वारले. मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात त्यांची मजार आहे. त्यांच्या तबकड्या आजही लोक ऐकतात. अब्बांचे शिवणकामाचे गिऱ्हाईक असलेले एक म्हातारे सतारमेकर सांगत, की खाँसाहेबांचा आवाज आम्ही दगडातून ऐकला. तेव्हा ते आम्हाला बोलण्याची एक तऱ्हा वाटे. आता कळते, की ते अक्षरशः खरे होते.

आमच्या पिढीचा दगड म्हणजे कॅसेट. आमचे मोठे मामू कुवेतला होते. पत्र लिहिण्याचा त्यांना कंटाळा, म्हणून ते कॅसेटवर बोलून येणाऱ्या-जाणाऱ्याबरोबर पाठवत. एका बाजूला नानीसाठी, दुसऱ्या बाजूला सगळ्यांसाठी. पंखा कोणता घेतला, रूममध्ये कोण कोण आहे, गर्मी किती, आणि मधेच रडू आले की टेप बंद करून पुन्हा सुरू केल्याचा खट्ट असा आवाज. नानी ती कॅसेट मांडीवर घेऊन बसे. त्यातल्या दोन कॅसेटवर आम्ही आणि आपाने नंतर सिनेमाची गाणी भरली. कॅसेटच्या वरच्या टोकाची भोके कागदाच्या बोळ्याने बुजवून! मामू आता या जगात नाहीत. त्या नाटकातल्या दगडासारखा खालचा थर कॅसेटमध्ये राहत नाही. वरचा भरला की खालचा गेला. ज्यांच्या घरी अशा कॅसेट अजून असतील, त्यांनी त्या या महिन्यातच कुणाकडून तरी मोबाइलमध्ये किंवा संगणकात उतरवून घ्याव्यात. पट्टी चिकटते, तिच्यावर बुरशी धरते. आणि मोबाइल एक दिवस पडतोच, म्हणून एकाच मोबाइलवर ठेवू नये.

आता बडे भाईंकडे वळतो.

अब्बा शिंपी होते. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचे दुकान होते. डोळे कमी झाले, तरी ते रोज मशीनवर बसत, उशांचे अभ्रे शिवत, शेजारच्या पोरांच्या चड्ड्या आवळून देत. बडे भाई कोल्हापूरला असतात. त्यांचे म्हणणे, की खोली एखाद्या मोबाइलवाल्याला भाड्याने द्यावी, महिन्याला पैसे येतील, अब्बांनी आराम करावा. यावरून एकदा फोनवर बोलणे वाढले. अब्बा रागाच्या भरात खूप काही बोलले. तुला माझ्या मरणाची घाई आहे इथपासून, तर ही खोली मी आपाच्या पोराला देईन पण तुला नाही, इथपर्यंत. बडे भाईंच्या मोबाइलमध्ये प्रत्येक फोन आपोआप रेकॉर्ड होत असे. त्या रात्री त्यांनी ते रेकॉर्डिंग आम्हाला पाठवले. सोबत एकच ओळ, की बघ, अब्बा आज मला कसे बोलले. मन हलके करण्यासाठी धाकट्या भावाकडे आलेले ते बोलणे होते.

आठ महिन्यांनी अब्बा अल्लाहला प्यारे झाले. मग घराच्या हिश्श्यांचा विषय निघाला, जसा तो प्रत्येक घरात निघतो. एका दिवशी बडे भाई आपाला काहीतरी टोचून बोलले, आपा रडली, आणि आम्ही तिची बाजू घेण्याच्या आवेशात ते रेकॉर्डिंग तिला पाठवून दिले. अब्बांची मर्जी काय होती, ते ऐक म्हणून. आपाने जिजाजींना ऐकवले. तिथून ते खानदानाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कसे पोचले, हे शोधत बसण्यात अर्थ नाही. पहिले बोट आमचे होते. दोन दिवसांत सोलापूरपासून रत्नागिरीपर्यंतच्या नातेवाइकांनी एका मरहूम माणसाला आपल्या थोरल्या मुलावर ओरडताना ऐकले.

शरीयतप्रमाणे पाहिले, तर त्या वाक्याला काही वजनही नव्हते. वारसांचे हिस्से ठरलेले आहेत, रागातल्या एका वाक्याने कुणाचा कमी किंवा जास्त होत नाही. गावातल्या मौलवीसाहेबांनी पाच मिनिटांत तेच सांगितले आणि वाटणी तशीच झाली. म्हणजे ते रेकॉर्डिंग पसरून कुणाला काहीही मिळाले नाही. बडे भाई मात्र दोन वर्षे ईदला आले नाहीत. एक हदीस आहे, की बोलता बोलता माणसाने इकडेतिकडे वळून पाहिले, तरी ते बोलणे तुमच्याकडे अमानत झाले. बडे भाईंनी तर इकडेतिकडे पाहण्याइतकाही संशय आमच्याबद्दल धरला नव्हता. आम्ही माफी मागितली. त्यांनी "जाऊ दे" म्हटले. जाऊ दे म्हणणे आणि जाणे यांत फरक असतो.

तर, "किंकाळीच का ठेवली" या अम्मीच्या प्रश्नावर खोलीत जी शांतता पसरली, ती यामुळे. कारण अब्बांच्या आवाजाचे घरात तेवढेच एक रेकॉर्डिंग आहे. लग्नांच्या व्हिडिओत ते दिसतात, पण त्यावर गाणी भरलेली. त्यांनी आम्हाला शिकवलेल्या दुआ, त्यांचे खोकणे, गिऱ्हाइकाशी घासाघीस, यातले काहीच नाही. फक्त तो राग आहे.

अम्मीने बडे भाईंकडे पाहून सरळ विचारले, "तुझ्याकडे आहे का ते अजून?"

आम्हाला वाटले, ते उठून जातील. ते म्हणाले, "आहे. पुसायला घेतलं होतं दोनदा. हात झाला नाही."

"लाव."

आपा म्हणाली, "अम्मी, नको." भाचा मान खाली घालून बसला. खोलीच्या वादात त्याचेच नाव होते, आणि तो वाद त्याने कधी मागितला नव्हता. तो हळूच म्हणाला, "नानी, मी वाईट भाग कापून देतो, नंतर ऐका." अम्मीने हातानेच नाही म्हटले. बडे भाईंनी मोबाइल चटईवर ठेवला आणि सुरू केला.

ओरडणे साधारण दीड मिनिट चालते. आम्ही सगळ्यांनी ते पूर्वी ऐकलेले होते आणि प्रत्येकाने तिथपर्यंतच ऐकले होते. अब्बा "बस" म्हणतात आणि बोलणे तुटते. आम्हाला वाटायचे, तिथे ते संपले. पण मोबाइलवरचा आकडा पुढे सरकत राहिला. अब्बांना फोन बंद करता येत नसे, ते तो तसाच मशीनच्या पाटावर ठेवून देत. इकडे बडे भाईंनी रागाने आपला मोबाइल पलंगावर टाकला होता. दोन्हीकडून कुणीच फोन बंद केला नव्हता.

काही वेळ नुसती खरखर. मग मशीन सुरू झाल्याचा आवाज. अब्बांच्या मशीनचा पट्टा जुना होता, दर फेरीला एक टक असा ठोका पडायचा. तो ठोका ऐकू आला आणि आपाने तोंडाला ओढणी लावली. मशीन थांबले. अब्बा दुरून म्हणाले, "चाय रखो जी, गला सूक्या." अम्मीचा आवाज आला, शब्द कळले नाहीत, ती आतून काहीतरी म्हणाली. मग अब्बा, जरा जवळून, "बच्चे के बुखार का पूछनेका रह गया."

त्या दिवशी बडे भाईंच्या धाकट्याला ताप होता.

अम्मीचा आवाज म्हणाला, "तो फिर लगाओ."

"अब नको. शाम को लगाता मैं." आणि पुन्हा मशीन.

तिथे रेकॉर्डिंग संपले. बडे भाई मोबाइलकडे बघत राहिले. बऱ्याच वेळाने म्हणाले, "संध्याकाळी आला होता फोन. दोनदा. मी उचलला नाही." त्यानंतर त्या आठ महिन्यांत बापलेकांचे बोलणे झाले होते, येणे-जाणेही झाले होते. पण तापाचा विषय अब्बांनी काढला नाही आणि न उचललेल्या फोनचा बडे भाईंनी काढला नाही.

भाच्याने विचारले, शेवटचा भाग वेगळा काढून सगळ्यांना पाठवू का. अम्मी म्हणाली, "कुणाला काही पाठवू नका. मला एकटीला द्या. पूर्ण द्या." तिला मोबाइलमधले काही कळत नाही, म्हणून भाच्याने तिच्या साध्या फोनच्या कार्डात ते घालून दिले आणि कोणते बटण दाबायचे ते दाखवले. तिने दोनदा दाबून पाहिले. मग ती उठली, गुडघ्यावर हात ठेवत स्वयंपाकघरात गेली, आणि आतून विचारले, "चहा किती जणांना?"